कुठंच न लिहिलेलं नाव

आत्या,

आपल्या घराला दार नव्हतं, तुराट्यांची ताटी होती. बाजूला सरकवली की घर उघडं, ओढली की बंद. आत एक चूल, एक रांजण, दोन वाकळा आणि चार माणसं. तू, तुझी पोर, माझा बाप आणि मी. माझी माय मी वर्षाचा असताना गेली. तुझा नवरा त्याच्या आधीच हिवतापानं गेलेला, म्हणून पोर कडेवर घेऊन तू भावाकडं आली होतीस. बाप गावचं मेलेलं ढोर ओढायचा आणि त्याबद्दल गाव भाकर द्यायचं. ती आणायला टोपलं घेऊन घरोघर तू फिरायचीस. शिळ्या भाकरी पाण्यात भिजवून आम्हां दोघा लेकरांना चारायचीस. सुगीनंतर लोकांच्या वावरात सरवा वेचायचीस, आणि त्या ज्वारीत खडे इतके असायचे, की "भाकर खाल्ली का सडक, काई कळंना," असं तू सांगायचीस.

हसत सांगायचीस. ही सगळी हालाखी मला तुझ्या हसण्यातूनच माहीत आहे, माझ्या आठवणीतून नाही. आणि जे तू हसत सांगण्यासारखं नव्हतं, ते सांगितलंच नाहीस. त्यासाठी मी तुझ्याशी भांडलो. सगळ्या वस्तीसमोर भांडलो.

तुला जाऊन सोळा दिवस झाले. मी सेलूला परत आलोय, शाळेत जातोय, पोरांना शिकवतोय. पण पाय एका जागी ठरत नाहीत. तास चालू असताना वर्गात येरझाऱ्या घालतो म्हणून पोरं एकमेकांना खुणा करतात. हे लिहायला बसलो तरी दोन ओळी झाल्या की उठतो, स्टेशनापर्यंत जातो, कापसाच्या गाड्यांमधून वाट काढत परत येतो आणि पुन्हा बसतो. तेव्हा हे जसं येईल तसं येणार. तू काही मार्क देणार नाहीस.

धर्मांतरानंतर आपल्या लोकांनी ढोर ओढणं सोडलं. बापानं पण सोडलं. गावानं भाकर बंद केली, मग मजुरी बंद केली, मग विहिरीकडची वाट बंद केली. तरी वस्ती वाकली नाही. दोन वर्षांनी उन्हाळ्यात, ताडकळसच्या बाजाराच्या दिवशी, भर दुपारी वस्ती पेटली. गडीमाणसं बाजाराला गेलेली, बाया नदीवर नाहीतर रानात. पाच माणसं गेली. दोन म्हातारी माणसं, एक बाळंतीण, तिचं चार दिवसांचं मूल आणि तुझी पोर.

मी तेव्हा चार वर्षांचा होतो. बापाच्या खांद्यावर बसून बाजाराला गेलो होतो, म्हणून वाचलो. असं मला सांगितलेलं होतं.

पंचनाम्यात लिहिलं, चुलीतला निखारा उडून आग लागली. कागद कुणीतरी वाचून दाखवला आणि खाली तुझा अंगठा घेतला. हे मला कॉलेजात असताना कळलं आणि माझं डोकं फिरलं. परभणीहून आलो तो हातपाय न धुता तुझ्यापुढं उभा राहिलो. 'आग लागली' आणि 'आग लावली' यांत किती फरक आहे, हे मी तुला व्याकरणासकट समजावून सांगितलं. एका अक्षरानं खुनी सुटतो म्हणालो. तू ज्वारी निवडत होतीस. ऐकून घेतलंस आणि म्हणालीस, "हे तुला कालेजात शिकिवलं?"

"व्हय."

"बरं केलं. आमाला त्या दिवशी कोणी शिकिवलं न्हवतं. आठ दिवस लेकरू उपाशी व्हतं. अंगठा दे, मंग विहीर उघडू म्हणले. दिला."

कोणतं लेकरू, हे मी विचारलं नाही. व्याकरण शिकलेल्या माणसानं एवढं तरी विचारायला पाहिजे होतं.

मी आपल्या घरातला पहिला बी.ए. हे मी कुणालाही छाती पुढं काढून सांगतो आणि पुढंही सांगीन. पण ती छाती कुणाच्या हातांनी भरली ते पण सांगतो. बाप गेला आणि दुष्काळ आला, तेव्हा माझं कॉलेज नुकतंच सुरू झालेलं. तू खडी केंद्रावर बसलीस. उन्हात फडकं बांधून हातोडी चालवायचीस, आणि मी सुट्टीत मदतीला आलो की मुकादमासमोर ओरडायचीस, "ऊठ तिथून! तुझ्या हाताला घट्टे पडले तं पेपर कोण लिव्हील, तुझा मुकादम?" मुकादमसुद्धा हसला होता. माझे हात तू मऊच ठेवलेस, आत्या.

नोकरी लागली. शाळेच्या कपाटात एक इंग्रजी पुस्तक होतं. कुणी दिलं, कधी आलं, कुणालाच ठाऊक नाही, आणि कुणी उघडलेलंही नव्हतं. जर्मनीतल्या छावण्यांतून जिवंत सुटलेल्या एका ज्यू बाईनं लिहिलेलं. मी शब्दकोश घेऊन तीन आठवडे वाचलं. गावकुसाच्या आतल्या माणसांनी लिहिलेली पुस्तकं वाचतच मी शिकलो होतो. हे पुस्तक गावकुसाबाहेरच्या माणसानं लिहिलेलं होतं. तिच्या घरचे लोक मारले गेले, शेजारी बघत राहिले, आणि पुढं शेजारी म्हणाले आम्हाला काही माहीतच नव्हतं. वाचताना मला आपल्या गावातली एकेक ओसरी आणि तिच्यावर बसलेला एकेक माणूस दिसत होता. मला वाटलं, हे आत्याला ऐकवलं की ती बोलेल.

आठवतं का तुला? उन्हाळ्याची सुट्टी होती. लिंबाखाली तू वाकळ शिवत बसलेली, शेजारची कोंडाबाई पानाला चुना लावत होती, आणखी चारपाच बाया होत्या. मी इंग्रजी वाचायचो आणि मराठीत सांगायचो.

"ज्यू नावाचे लोक व्हते," मी सुरुवात केली.

"जू?" कोंडाबाई म्हणाली. "बैलाच्या मानंवरलं?"

बाया खदखदल्या. मी चिडलो. "ज्यू. लोकांचं नाव हाय ते."

"तेच म्हनायलेय मी. मानंवर जू असल्याबिगर लोकांला असं नाव कोण ठिवतंय?"

तू दातातला दोरा तोडून म्हणालीस, "कोंडे, पोराला बोलू दे. बी.ए. झालाय त्यो. तुझा बैल मागून सोड."

मग त्यांनी मला बोलूच दिलं नाही, प्रश्नच प्रश्न. त्यायचा पाणवठा अलग व्हता का? मी म्हणालो, आधी नव्हता, मग शाळा, दुकानं, बागेतली बाकडी, सगळंच अलग केलं. मंग गोऱ्यात गोरे वळखू कसे येयचे? मी म्हणालो, प्रत्येकाला कपड्यावर पिवळी चांदणी शिवायला लावली.

"सोताच्या हातानं?" तू विचारलंस.

"व्हय."

तू सुई वाकळेत खुपसलीस आणि त्या दिवशी पुन्हा हातात घेतली नाहीस.

छावणीत हातावर आकडे गोंदायचे, हे सांगितलं तेव्हा सगळ्या बायांनी आपापल्या हातांकडं बघितलं. कोंडाबाई मनगट पालथं-उलथं करत म्हणाली, "आपल्याला तरी कोणी इचारलं व्हतं? मायनं धरून ठिवलं अन् वैदीणबाईनं टोचलं. दोन दिवस ताप व्हता मला."

"पर आपल्याला फूल गोंदलं," तू म्हणालीस. "आकडा न्हाई."

मी सांगत राहिलो. सुटून आल्यावर त्या बाईनं वीस वर्षं तोंड उघडलं नाही. तिला पुढं दोन लेकरं झाली, त्यांनासुद्धा काही सांगितलं नाही. मला वाटलं आता तू हळहळशील. तू म्हणालीस, "बराबर हाय."

"बराबर कसं?"

"लेकरं वाढवायची असतेत माणसाला."

आणि शेवटच्या दिवशी, पुस्तक मिटल्यावर, बाया उठून गेल्यावर, तू विचारलंस, "मेलेल्यांची यादी हाय का त्यायच्यात?"

"केलीय. अजूनबी करायलेत."

"कोन्तं नाव लिव्हतेत?"

"म्हंजी?"

"मायबापानं ठिवलेलं, का लोक हाका मारीत ते?"

मी हसलो. "आत्या, नाव म्हंजी नाव. त्यात काय दोन दोन अस्तेत?"

तू माझ्याकडं बघत राहिलीस. आता ती नजर माझ्या पाठीशी लागली आहे. शाळेचा जिना चढताना, फळा पुसताना, ती नजर येते. तू मला अख्खं दार उघडून दिलं होतंस, आणि मी म्हणालो होतो, त्यात काय.

नंतर मी जे केलं ते मी स्वतःच्या शहाणपणावर खूश होऊन केलं. पत्र्याचा एक तुकडा आणला, काळा रंग दिला, त्यावर पांढऱ्या अक्षरांत लिहिलं: 'आग लावली त्यात गेलेली माणसं.' 'लावली' हा शब्द मी जरा मोठाच काढला. खाली चार ओळी. बाळाला नाव ठेवलेलं नव्हतं, म्हणून मायच्या नावापुढं 'आणि तिचं मूल' असं लिहिलं. शेवटच्या ओळीत तुझी पोर. दगडी, वय सहा. पत्रा विहाराच्या भिंतीला ठोकला आणि तुला हाताला धरून नेलं.

तू शेजारच्या पोरीला वाचायला सांगितलंस. ती एकेक अक्षर लावत शेवटच्या ओळीपर्यंत आली. "द, ग, डी."

"हे कोणी लिव्हलं?" तू विचारलंस.

"मी."

"तुला कोणी सांगितलं?"

"आत्या, सगळ्या वस्तीला माहीत हाय की."

"सगळ्या वस्तीला," तू म्हणालीस आणि निघून गेलीस.

दुसऱ्या दिवशी सकाळी पत्रा भिंतीवर नव्हता. कोंबड्यांच्या खुराड्यावर पालथा घालून ठेवलेला होता. मला वाटलं तू गावाला भ्यालीस. 'लावली' वाचून कुणी येईल म्हणून भ्यालीस. आणि मी बोललो. ते शब्द इथं लिहायची मला लाज वाटते, पण तुझ्यापाशी लपवून उपयोग काय, तू ऐकलेच होतेस. मी वस्तीच्या मधोमध उभं राहून म्हणालो, "एकदा अंगठा देऊन सोडवलंस त्यायला. आता पुन्हा सोडवायलीस. सोताच्या पोरीचं नाव झाकून ठिवणारी माय मी पुस्तकातबी पाह्यली न्हाई."

तू म्हणालीस, "जा. गाडी चुकंल."

मग वर्षभर तू माझ्याशी बोलली नाहीस. भाकर वाढायचीस, पाणी तापवायचीस, माझे कपडे धुवायचीस, पण बोलायची नाहीस. मी समोर बसलेला असताना कोंडाबाईला हाक मारायचीस, "कोंडे, त्याला इचार कालवणात मीठ पायजे का." कोंडाबाई कुडापलीकडून ओरडायची, "अगं, त्यो तुझ्या म्होरं बसलाय ना!" "असंल. तू इचार." मग कोंडाबाई विचारायची आणि मी कोंडाबाईला सांगायचो. कोंडाबाई एकदा म्हणाली, "मला मिठाची नोकरीच लावली तुमी दोघांनी." आपण दोघंही हसलो, वेगवेगळ्या भिंतींकडं तोंड करून.

मला अजूनही ते वर्ष परत पाहिजे. तसं न बोलताच पाहिजे.

गेल्या पावसाळ्यात विद्यापीठाच्या नावाचा ठराव झाला, आणि मराठवाड्यात पुन्हा वस्त्या पेटल्या. आपल्या जिल्ह्यात पेटल्या. शाळेच्या कपाटातलं पुस्तक जर्मनीचं होतं, जुनं होतं, संपलेल्या गोष्टीचं होतं असं मी समजत होतो. बसगाड्या बंद होत्या. मी परभणीपर्यंत रेल्वेनं आलो आणि पुढं आडवाटेनं चालत आलो. आपली वस्ती उभी होती. सगळ्या बायांनी घागरी, रांजण, पातेली, तांबेसुद्धा भरून दारात मांडले होते. भर पावसाळ्यात. तू उंबऱ्यात बसली होतीस, पदर खोचलेला, शेजारी विळा.

मला बघून आधी माझे पाय बघितलेस, चिखलानं भरलेले. मग वर्षानंतर पहिलं वाक्य बोललीस. "दिवाळीला ये. वही आण."

"कशाला?"

"बयान देयाचंय."

मी म्हणालो, "जबाब म्हंतेत आता त्याला."

"जबाब फौजदार घेतो. बयान माणूस आपल्या मनानं देतं. तू बी.ए. झालास, पर ऱ्हायलंय बरंच तुझं."

दिवाळीत चार सकाळी आपण बसलो. पहिल्या सकाळी मी तारीख, गाव, वय असं लिहायला लागलो, तर तू वहीवर हात ठेवलास. "पहिले नाव लिव्ह."

"तुझं?"

"तिचं." आणि तू म्हणालीस, "इशाखा."

मला कळलंच नाही. मी विचारलं, कोण इशाखा? तू जे सांगितलंस ते तुझ्याच शब्दांत लिहिलेलं आहे. धर्मांतराच्या साली तू परभणीला सभेला चालत गेली होतीस. तिथं एका माणसानं विशाखेची गोष्ट सांगितली. बुद्धाला विहार बांधून देणारी बाई. "बाईमाणूस अन् येवढं दान देनारी! मंग मी म्हणलं, माझ्या पोरीचं हेच नाव. घरला येईस्तोवर वाटंत इसरंल म्हणून पावलागनिक म्हनत आले. इशाखा, इशाखा. लोक बघायले, म्हनले हिला लागीर झालं."

तुझी आधीची दोन लेकरं जगली नव्हती, म्हणून हिचं नाव तू दगडी ठेवलेलं. दगडाला कोण नेतंय? माझंही तसंच. मी कचरू होतो. हे मला माहीत होतं, पण कधी मनावर घेतलं नव्हतं. त्याच दिवशी, घरी पोचल्या पोचल्या तू आम्हां दोघांची नावं बदललीस. ती विशाखा, मी गौतम. गावानं दोन्ही नावांची टिंगल केली. वस्तीच्या तोंडातही जुनीच राहिली. मग मी सहा वर्षांचा झालो आणि शाळेत गेलो, गुरुजींनी रजिस्टरात गौतम लिहिलं, आणि कचरू मेला. ती शाळेत जायच्या आधीच गेली. तिचं नवं नाव कुठल्याच कागदावर चढलं नाही. ते फक्त तुझ्या तोंडात होतं, आणि तू तोंड मिटलंस.

आणि मी, रजिस्टरातला गौतम, तिला पत्र्यावर पुन्हा दगड करून ठेवलं होतं. मोठ्या पांढऱ्या अक्षरांत.

मी माफी मागायला तोंड उघडलं, तर तू म्हणालीस, "लिव्ह. मधी मधी थांबू नगंस. मला पुन्हा बोलणं व्हनार न्हाई."

चौथ्या सकाळी आग आली. तू नदीवरून धूर बघितलास. धावत आलीस. "आपली ताटी पेटली व्हती. ती लाथंनं पाडली. आत काई दिसंना. दोघं लेकरं आतच व्हती. इशाखा गौतमला सांभाळायली व्हती. मी हाका मारल्या. धुरात हात घातला. जो हात लागला त्यो वढला. त्यो हात गौतमचा व्हता. त्याला भाईर टाकला अन् माघारी फिरले, तवर आढं पडलं."

मी लिहिलं. माझ्या हातानं लिहिलं. 'त्यो हात गौतमचा व्हता.' मऊ हात.

तू थांबली नाहीस. त्या पोराला हे कधी सांगायचं नाही, असं माझ्या बापानं आणि तू ठरवलं होतं, म्हणालीस. बाजाराला नेला होता असंच सांगायचं. "लेकराला वझं होतंय. वझ्याखाली लेकरू वाढत न्हाई." मग आग कुणी लावली, त्यांची नावं सांगितलीस. ती मी इथं लिहीत नाही, बयानात आहेत.

दुपारी मी स्वच्छ प्रत काढली आणि तुला वाचून दाखवली. चार ओळी ऐकून तू हात वर केलास. "ह्यो 'ओढला' कोण म्हणलं?"

"मी नीट केलं जरा."

"तुझ्या शाळंतल्या बाईनं दिलंय का बयान? मी वढला म्हणलं. वढलाच लिव्ह. 'आम्ही' न्हाई, 'आमी.'" मग जरा थांबून म्हणालीस, "तिचं नाव तेवढं नीट लिव्ह. माझ्या जिभंला येत न्हाई, पर ते जसं हाय तसंच लिव्ह. बाकी सगळं माझ्यावाणी."

मी सगळं पुन्हा लिहिलं. सही शिकवू का विचारलं तर म्हणालीस, नको. "अंगठाच घे. त्या कागदावरला अंगठा अन् ह्यो अंगठा, दोन्ही माझेच. लागली म्हणलेला बी ह्योच, लावली म्हणनारा बी ह्योच. ठिवू दे कोणी येकापाशी येक." पेनातली शाई मी तुझ्या अंगठ्याला लावली. शाई घट्ट्यांत शिरली, आणि ठशाच्या मधोमध हातोडीची एक पांढरी रेघ उमटली.

त्यानंतर मी काय केलं? मी पिशवी भरली, भाकर बांधून घेतली आणि गाडीला गेलो. जाताना म्हणालो, "थंडीची जप." एवढंच. मला म्हणायचं होतं, आत्या, तू माझ्याकडं बघताना तुला कोण दिसायचं? मी परीक्षा पास झालो तेव्हा? मी पुस्तक वाचून दाखवत होतो तेव्हा? मी वस्तीत उभं राहून तुला माय म्हणून हिणवलं तेव्हा तू का नाही बोललीस, की तुझ्यासाठीच झाकलं रे? एका वाक्यात मला गप्प करता आलं असतं. तू वर्षभर मीठ विचारत राहिलीस, पण ते वाक्य वापरलं नाहीस. एवढी ताकद कुठून आणली होतीस? मला राग येतो तुझा. खरं सांगतो, येतो. मला भांडायचा हक्क होता, आणि तू मला अर्ध्याच गोष्टीशी भांडू दिलंस. दुसऱ्या क्षणी वाटतं, त्या अर्ध्या गोष्टीवरच मी मोठा झालो, शिकलो, तोंड वर करून बोलायला लागलो. पुरी गोष्ट माझ्या पाठीवर असती तर मी परभणीची बस तरी पकडली असती का? कोंडाबाईला हे बोललो, तर ती म्हणाली, "आता तरी वझं खाली ठिव, लेका. तिनं वीस वर्सं वाह्यलं ते तुझ्या डोक्यावर ठिवाया न्हाई."

ठेवता येत नाही. प्रयत्न करतोय.

माघात तुला ताप आला. तीन दिवसांचा. निरोप मिळून मी पोहोचलो तेव्हा बायांनी तुला अंघोळ घालून ठेवली होती. तुझा उजवा हात पदराबाहेर होता. तो मी हातात घेतला. वस्तीनं पुष्कळ वेळ घेऊ दिला.

पुण्यानुमोदनाच्या दिवशी विहारासमोर माणसं जमली. मी भाषण करणार, असं सगळ्यांना वाटलं. गावातलेही काहीजण आले होते, त्यांतले दोघे असे, की ज्यांच्या बापांची नावं तुझ्या बयानात आहेत. मी भाषण केलं नाही. उभा राहिलो आणि तुझं बयान पहिल्या शब्दापासून वाचलं, तुझ्याच बोलीत. त्या दोघांच्या बापांची नावं आली तेव्हा एकजण उठला आणि पुन्हा बसला. दुसरा मान खाली घालून शेवटपर्यंत बसून राहिला. मी मधे एकदाच अडखळलो, कुठं ते तुला माहीत आहे. तेव्हा कोंडाबाई मोठ्यानं म्हणाली, "वाच, वाच. थांबू नगंस." लेकरांना काही कळलं नव्हतं. त्यांतल्या एकीनं मायला विचारलं, "विशाखा कोण व्हती?" आणि तिची माय तिला सांगायला लागली.

बयानाच्या मी तीन प्रती काढल्या. एक विहारात आहे, एक मी जिल्ह्याच्या कचेरीत अर्ज जोडून दिली आणि तिची पोच घेतली, एक माझ्याजवळ आहे. बयान सात पानांचं आहे. गेलेल्या पाच जणांची त्यात नोंद आहे, आणि कुणाचंही नाव चुकलेलं नाही.

तुझा,
गौतम